आनंदीबाई जोशी : सहजीवनातील अंतर आणि संवादाचा प्रश्न

१. प्रास्ताविक

बदलापूरच्या हेंद्रेपाड्यातून मुंबईकडे कामाला निघालेला माणूस रोज कल्याण ओलांडतो. एकोणिसाव्या शतकात बदलापूरचा परिसर कल्याण तालुक्यातच मोडत होता. १८५४ मध्ये कल्याणपर्यंत आणि १८५६ मध्ये बदलापूरवरून घाटाच्या पायथ्यापर्यंत आगगाडी आली. गाडीबरोबर टपाल आले आणि टपालाबरोबर बदलीची सरकारी नोकरी करणारा कारकुनांचा नवा वर्ग आला. माणसे एकमेकांपासून दूर राहू लागली आणि दूर राहूनही संबंध राखण्याचे पत्र हे साधन सामान्य कुटुंबांच्या हाती आले. कल्याणच्या जोशी घराण्यातील एका मुलीचे सारे आयुष्य या दोन घटनांनी घडविले. टपाल खात्यातील एका कारकुनाशी तिचा विवाह झाला आणि त्या विवाहाची सर्वांत कठीण वर्षे पत्रांतूनच निभावली गेली.

डॉ. आनंदीबाई जोशी (१८६५–१८८७) यांचे चरित्र मराठी वाचकास अपरिचित नाही. कॅरोलाइन डॉल यांचे इंग्रजी चरित्र १८८८ मध्ये, म्हणजे आनंदीबाईंच्या निधनानंतर वर्षभरातच, प्रसिद्ध झाले. मराठीत काशीबाई कानिटकरांनी त्यांचे चरित्र लिहिले. श्री. ज. जोशी यांच्या ‘आनंदी गोपाळ’ (१९६८) या कादंबरीने हे दांपत्य घरोघरी पोहोचविले. अंजली कीर्तने यांनी विस्तृत संशोधनपर चरित्र सिद्ध केले आणि मीरा कोसंबी यांनी पत्रांचा स्त्रीवादी दृष्टीने पुनर्विचार केला. या लेखनातून दोन प्रतिमा ठळक होत गेल्या. एका प्रतिमेत गोपाळराव हे पत्नीला घडविणारे ध्येयवेडे सुधारक आहेत, तर दुसऱ्या प्रतिमेत ते पत्नीवर आपली इच्छा लादणारे जुलमी पती आहेत. दोन्ही प्रतिमांना आधार आहे. तथापि दोन्हींत एक प्रश्न बाजूला पडतो. ही दोन माणसे एकमेकांशी काय बोलू शकत होती आणि काय बोलू शकत नव्हती? प्रस्तुत लेखात आनंदीबाईंच्या जीवनक्रमाचा विचार या एकाच प्रश्नाच्या अनुरोधाने केला आहे.

२. कल्याण : आई आणि शिक्षक

आनंदीबाईंचे माहेरचे नाव यमुना. वडील गणपतराव जोशी हे कल्याणचे जमीनदार. घराण्याचे पूर्वीचे वैभव ओसरले होते, पण प्रतिष्ठेची जाणीव ओसरली नव्हती. वडिलांना या मुलीच्या बुद्धीचे कौतुक होते. आईचे व मुलीचे नाते मात्र निराळे होते. पुढे आपल्या बालपणाविषयी लिहिताना आनंदीबाईंनी आईकडून मायेचा शब्द मिळाल्याची आठवण नोंदविलेली नाही. नोंदविली आहे ती शिक्षांची आठवण, आणि त्या शिक्षांत दोरी, काठी, दगड यांपासून पेटलेल्या कोळशापर्यंतची साधने येतात. सांगण्याची पद्धत संथ आहे. आक्रोश नाही, दोषारोपही फारसा नाही. वडीलधाऱ्यांकडून होणारा मार हा संबंधाचाच एक प्रकार आहे, असे समजून वाढलेल्या मुलीची ही शैली आहे, आणि पतीविषयी लिहितानाही तीच पुन्हा आढळते.

गोपाळराव विनायक जोशी मूळचे संगमनेरचे. ते टपाल खात्यात नोकरीस होते, विधुर होते आणि यमुनेहून सुमारे वीस वर्षांनी मोठे होते. कल्याणच्या वास्तव्यात त्यांनी यमुनेला शिकविण्यास आरंभ केला. १८७४ मध्ये, यमुनेच्या नवव्या वर्षी, त्यांचा विवाह झाला. वधूच्या शिक्षणास माहेरच्यांनी आडकाठी करू नये, ही गोपाळरावांची अट होती. म्हणजे विवाह होण्यापूर्वीच या दोघांत एक नाते प्रस्थापित झाले होते आणि ते गुरु-शिष्याचे होते. पती-पत्नीचे नाते त्यावर नंतर येऊन बसले. पुढील तेरा वर्षांत मूळचे नाते नव्या नात्याला वाट करून देते काय, हे पाहणे उद्बोधक ठरते.

३. संसार आणि शाळा

माहेरच्या वातावरणापासून पत्नीला दूर नेण्यासाठी गोपाळरावांनी बदली मागून घेतली. अलिबाग, कोल्हापूर, मुंबई, भूज, कलकत्ता, श्रीरामपूर असा या संसाराचा प्रवास झाला. त्या काळच्या एकत्र कुटुंबात तरुण पती-पत्नींना दिवसाउजेडी, वडीलधाऱ्यांसमक्ष बोलण्याची मोकळीक नसे. संकेत, निरोप आणि मौन यांवरच संबंध चालत. गोपाळरावांनी आपल्या बिऱ्हाडात हा अडसर दूर केला. पत्नीशी उघडपणे बोलणारा, तिच्यासह रस्त्याने फिरणारा, तिला मिशनच्या शाळेत पाठविणारा हा पुरुष काळाच्या पुढे होता, यात शंका नाही. समाजाने दोघांनाही त्याचे शासन केले. रस्त्यावरील टोमणे, शेजाऱ्यांचा बहिष्कार, शाळेतील अवहेलना हे सर्व आनंदीबाईंच्या वाट्याला आले.

बोलण्याची मोकळीक मिळाली, पण ती धड्याने व्यापली. अभ्यास झाला की नाही, हा या घरातील मुख्य विषय होता. पत्नी अभ्यास सोडून स्वयंपाकात गुंतलेली दिसताच गोपाळरावांनी तिला मारले, ही हकीकत चरित्रांतून सांगितली जाते आणि वाचक तिच्यातील विसंगतीने चकित होतो. इतर पती ज्या कारणासाठी मारतात त्याच्या नेमक्या उलट कारणासाठी हा पती मारतो! परंतु मार खाणाऱ्या मुलीच्या बाजूने पाहता ही विसंगती फारशी उरत नाही. तिला आईकडे जे मिळाले तेच येथेही मिळाले. बदलला तो अपराध, शिक्षा बदलली नाही.

चौदाव्या वर्षी आनंदीबाईंना मुलगा झाला आणि अवघ्या दहा दिवसांत गेला. योग्य वैद्यकीय मदत मिळाली असती तर मूल वाचले असते, ही खंत त्यांच्या वैद्यकीय शिक्षणाच्या निश्चयामागे होती, असे सर्व चरित्रकार मानतात. ते ग्राह्य आहे. मात्र या निश्चयाचा आणखी एक अर्थ संभवतो. ज्या घरात शिक्षण हीच संवादाची भाषा होती, तेथे पुत्रशोक व्यक्त करण्यासाठीही तीच भाषा उपलब्ध होती. दुःखाचे रूपांतर अभ्यासक्रमात झाले. हे रूपांतर थोर होते. पण त्यात मूल गमावलेल्या दोन माणसांनी एकमेकांजवळ रडण्याची जागा किती उरली असेल, हा प्रश्न राहतोच. हे अनुमान आहे, आणि अनुमान म्हणूनच ते येथे मांडले आहे.

४. दूरची मावशी

कोल्हापूर मिशनचे अमेरिकन धर्मोपदेशक रॉयल वाइल्डर यांना गोपाळरावांनी १८७८ मध्ये पत्र लिहून पत्नीच्या शिक्षणासाठी साह्य मागितले. वाइल्डर यांनी धर्मांतराकडे बोट दाखविले. हा पत्रव्यवहार त्यांच्या ‘मिशनरी रिव्ह्यू’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. न्यू जर्सीतील रोझेल गावच्या थिओडिशिया कार्पेंटर या बाईंनी १८८० मध्ये दंतवैद्याकडे आपली पाळी येण्याची वाट पाहत असता ते नियतकालिक चाळले आणि आनंदीबाईंना पत्र लिहिले. पुढे तीन वर्षे या दोघी केवळ पत्रांतून एकमेकींना भेटत राहिल्या. आनंदीबाई त्यांना मावशी मानू लागल्या.

या पत्रव्यवहाराचे महत्त्व शिक्षणाच्या सोयीपुरते नाही. कधीही न पाहिलेल्या, परभाषिक, परधर्मीय स्त्रीजवळ आनंदीबाई आपल्या डोकेदुखीविषयी, तापाविषयी, अशक्तपणाविषयी, चालीरीतींविषयी आणि मनातील शंकांविषयी लिहू शकल्या. कार्पेंटरबाईंनी अमेरिकेहून औषधे पाठविली. एकाच छपराखाली राहणाऱ्या पतीशी जे बोलणे अवघड होते, ते सातासमुद्रापलीकडील मावशीशी सोपे झाले. याचे कारण अंतरात नसून अपेक्षेत आहे. कार्पेंटरबाईंना आनंदीबाईंकडून काही घडवून घ्यायचे नव्हते. त्यांच्या पत्राला उत्तर देताना उत्तीर्ण-अनुत्तीर्ण होण्याची भीती नव्हती. आनंदीबाईंनी हे सारे इंग्रजीत, म्हणजे पतीने शिकविलेल्या भाषेत लिहिले, हेही येथे लक्षात घ्यावयास हवे. गोपाळरावांनी दिलेले साधन त्यांच्याच घरात कमी आणि घराबाहेर अधिक उपयोगी पडले.

५. पत्राची गती

प्रारंभी दोघांनी मिळून अमेरिकेस जावे असा विचार होता. तो जमेना, तेव्हा गोपाळरावांनी पत्नीला एकटीच पाठविण्याचे ठरविले. २४ फेब्रुवारी १८८३ रोजी श्रीरामपूरच्या कॉलेजात आनंदीबाईंनी जाहीर भाषण करून आपल्या जाण्याची कारणे सांगितली आणि हिंदू म्हणून जाऊन हिंदू म्हणूनच परत येण्याचा निर्धार प्रकट केला. ७ एप्रिलला त्यांनी कलकत्ता सोडले व ४ जूनला न्यूयॉर्क गाठले. ऑक्टोबरमध्ये त्या फिलाडेल्फियाच्या विमेन्स मेडिकल कॉलेजात दाखल झाल्या. तेथील डीन रेचेल बॉडली यांनी त्यांच्याकडे आस्थेने लक्ष दिले.

आता पती-पत्नींतील सर्व व्यवहार टपालावर आला. हिंदुस्थान १८७६ मध्ये जागतिक टपाल संघात सामील झाला असल्याने परदेशी पत्र पाठविणे पूर्वीपेक्षा सोपे झाले होते, तरी पत्राला समुद्रमार्गाने पोहोचण्यास आठवड्यांमागून आठवडे लागत. बंगालमधून विचारलेल्या प्रश्नाचे फिलाडेल्फियाहून आलेले उत्तर हाती पडेतो दोन-अडीच महिने सहज उलटत. रागाच्या भरात लिहिलेले पत्र पोहोचे तेव्हा लिहिणाऱ्याचा राग शमलेला असे. वाचणाऱ्याची जखम मात्र त्या दिवशी ताजी होई. तिने दिलेला खुलासा परत येईपर्यंत नवा संशय वाटेला लागलेला असे. टपाल खात्यात आयुष्य घालविलेल्या माणसाला पत्राच्या गतीचे हे गणित अवगत नसेल असे म्हणता येत नाही. पण ठाऊक असणे आणि लिहिताना त्याचे भान राहणे या दोन गोष्टी भिन्न आहेत.

गोपाळरावांच्या पत्रांतील टोचणी, शंका आणि उपरोध यांचे पडसाद आनंदीबाईंच्या उत्तरांत स्पष्ट उमटले आहेत. फिलाडेल्फियाच्या थंडीत नऊवारी नेसणे कठीण झाले, तेव्हा अंग अधिक झाकले जाईल अशा गुजराती पद्धतीने त्या साडी नेसू लागल्या. पोशाखातील एवढा बदलही पतीला कळविण्याचा, समजावून देण्याचा विषय झाला. शाकाहार सांभाळणे, स्वतः रांधणे, थंड खोलीत अभ्यास करणे, वारंवार आजारी पडणे हा त्यांचा दिनक्रम होता. तो पत्रांत येतो, पण बहुधा स्पष्टीकरणाच्या सुरात येतो. घडले ते सांगण्यापेक्षा आपण चुकलो नाही हे सांगण्याकडे लेखणी वळते. परीक्षकाला पत्र लिहिण्याची ही सवय कल्याणपासूनची आहे.

गोपाळरावांची बाजूही समजून घेतली पाहिजे. पत्नीने स्वतंत्र व्हावे, कुणावाचून अडू नये, हेच त्यांनी नऊ वर्षे शिकविले होते. १८८३ नंतर ती खरोखरच त्यांच्यावाचून जगू लागली. ज्यासाठी आटापिटा केला ते साध्य झाल्यावर आपले तेथे काय स्थान, हा प्रश्न श्रीरामपूरच्या बिऱ्हाडात एकट्या राहिलेल्या चाळिशीच्या आसपासच्या या पुरुषाला पडला असल्यास नवल नाही. मला तुझी आठवण येते, एवढे साधे वाक्य लिहिण्याची रीत त्याला कुणी शिकविलेली नव्हती. काळजी असो की एकटेपणा, दोन्हींचे त्याच्या लेखणीतून उलटतपासणीत रूपांतर होत गेले.

६. एक उत्तर

या पत्रव्यवहारात एक पत्र सर्वांहून निराळे आहे. पतीने आपल्याला जसे वागविले ते बरे की वाईट, या प्रश्नाचे उत्तर द्यावे तशी त्याची मांडणी आहे. आनंदीबाई दोन्ही बाजू तोलतात. अंतिम हेतू पाहता ते वागणे योग्य ठरते, पण लहान मुलीच्या मनावर होणारा परिणाम पाहता ते अयोग्य होते, असा निर्वाळा त्या देतात. पुढे वयवार तपशील येतो. दहाव्या वर्षी लाकडाच्या तुकड्यांनी बसलेला मार, बाराव्या वर्षी अंगावर फेकलेल्या खुर्च्या व पुस्तके आणि सोडून जाण्याच्या धमक्या, चौदाव्या वर्षीच्या नव्या तऱ्हेच्या शिक्षा. त्या त्या वयाला, शरीराला आणि मनाला हे सोसवणारे नव्हते, असे त्या नमूद करतात. आपण घर सोडून गेलो नाही, कारण वडिलांच्या नावाला बट्टा लागला असता, हेही सांगतात. हिंदू स्त्रीला पतीसमोर बोलण्याचा अधिकार नाही, गप्प राहण्याचा मात्र आहे, अशा आशयाचे तिरकस विधान करून पत्नीकडून सहनशीलता शिकण्याची सूचना त्या पतिवर्गाला करतात. आणि अखेर आजची आपली अवस्था पतीमुळेच लाभली, हे ऋणही मोकळ्या मनाने मान्य करतात.

मराठी स्त्रियांच्या आत्मपर लेखनात या पत्राचे स्थान कोणते? रमाबाई रानडे यांच्या आठवणी १९१० मध्ये प्रसिद्ध झाल्या, त्यापूर्वी नऊ वर्षे न्यायमूर्ती निवर्तले होते. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ १९३४ पासून ग्रंथरूपाने येऊ लागली. रेव्हरंड टिळक १९१९ मध्येच गेले होते. पतीच्या धर्मांतराने झालेली ताटातूट लक्ष्मीबाईंनी हसत हसत सांगितली, कारण मध्ये काळ गेला होता आणि ताटातुटीनंतरचे पुनर्मीलनही त्यांच्या पदरी होते. दोघींनीही पतीविषयी लिहिले. पतीला उद्देशून लिहिले नाही. ज्याच्याबद्दल बोलायचे तो ऐकणारा निघून गेल्यावरच या दोन संसारांतील अंतराची कथा वाचकांपुढे आली. आनंदीबाईंचे पत्र मात्र हयात असलेल्या, उत्तर देऊ शकणाऱ्या, रागावू शकणाऱ्या माणसाच्या हाती पडण्यासाठी लिहिले गेले. वयाच्या विशीच्या आसपास असलेल्या स्त्रीने ते लिहिले. त्यात आठवणींचा मऊपणा नाही आणि बंडाचा आवेशही नाही. या दोन व्यक्तींतील संवाद त्या पत्रापुरता समपातळीवर आला, असे म्हणावे लागते.

तरीही तो संवाद पूर्ण झाला असे म्हणता येत नाही. पत्राची रचना पाहा. बरे आणि वाईट, गुण आणि दोष, तक्रार आणि कृतज्ञता अशी काटेकोर विभागणी आहे. विद्यार्थिनीने लिहिलेले हे उत्कृष्ट उत्तर आहे. मला दुखले, हे त्यात आहे. पण ते पुराव्यासारखे मांडले आहे. शिक्षकाने दिलेल्या तर्कशुद्ध भाषेतच शिक्षकाचा दोष दाखविण्यात आनंदीबाई यशस्वी झाल्या. या नात्यात त्यांना दुसरी भाषा मिळालीच नव्हती.

७. भेट आणि अखेर

गोपाळराव १८८५ मध्ये अमेरिकेत पोहोचले. पश्चिम किनाऱ्यावर उतरून, व्याख्याने देत देत ते पूर्वेकडे आले. अमेरिकन समाजावर आणि मिशनऱ्यांवर त्यांनी जाहीर टीका केली. ज्या लोकांच्या आधारावर आनंदीबाई तेथे राहत होत्या, त्यांना ही टीका झोंबली. दोन-अडीच वर्षे पत्रांतून साचलेले मोकळे करण्याची ही संधी होती. परंतु एकाला श्रोतृसमुदाय हवा होता आणि दुसरीची प्रकृती ढासळत चालली होती.

११ मार्च १८८६ रोजी आनंदीबाईंना एम.डी. ही पदवी मिळाली. पदवीदानास पंडिता रमाबाई उपस्थित होत्या. आर्य हिंदूंमधील प्रसूतिशास्त्र हा आनंदीबाईंच्या प्रबंधाचा विषय होता. दहा दिवसांच्या मुलाविषयीचे जे घरात बोलता आले नाही, ते शास्त्राच्या परिभाषेत येथे वेगळ्या रूपाने आले असावे. कोल्हापूरच्या आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलातील स्त्रीविभागाच्या प्रमुखपदी त्यांची नेमणूक झाली. ऑक्टोबरमध्ये दांपत्य परत निघाले आणि १६ नोव्हेंबरला मुंबईस पोहोचले. क्षयाने ग्रासलेल्या आनंदीबाई कोल्हापूरला रुजू होऊ शकल्या नाहीत. २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. बावीस वर्षे पूर्ण होण्यास महिनाभराचा अवधी होता.

त्यांची रक्षा कार्पेंटरबाईंकडे पाठविण्यात आली आणि न्यूयॉर्क राज्यातील पकीप्सी येथे त्या कुटुंबाच्या स्मशानभूमीत तिला जागा मिळाली. कल्याणच्या मुलीचे अवशेष अमेरिकन मावशीच्या कुळात विसावले. या कृतीत कृतज्ञता आहे. आणि ही स्त्री कुणाजवळ अधिक मोकळी होती याची कबुलीही त्यात आहे, असे वाचता येते. गोपाळराव पुढेही समाजाला डिवचत राहिले. १८९० मधील पुण्याच्या पंचहौद मिशनातील चहापानाचे प्रकरण त्यांनीच उभे केले. त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि सोडलाही. अनेकांना त्यांनी उघडे पाडले. स्वतःविषयी उघडपणे बोलण्याची वेळ त्यांनी फारशी येऊ दिली नाही.

८. समारोप

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष संभवतात. पहिला असा की, या दांपत्यातील दुराव्याचे मूळ समुद्राच्या अंतरात नाही. १८८३ पूर्वी एकाच बिऱ्हाडात तो दुरावा होता. टपालाने तो फक्त लेखी केला, म्हणून आज आपल्याला दिसतो. दुसरा असा की, एकमेकांच्या हिताची तळमळ असणे आणि एकमेकांशी बोलता येणे या स्वतंत्र बाबी आहेत. गोपाळरावांच्या तळमळीविषयी आनंदीबाईंनीच ग्वाही दिली आहे आणि त्या तळमळीची किंमतही त्यांनीच लिहून ठेवली आहे. त्यांतील एकच अर्धे उचलणारा वाचक त्यांच्यावर अन्याय करतो. तिसरा निष्कर्ष वाङ्मयीन आहे. आठवणी लिहिण्यासाठी लागणारे दीर्घ आयुष्य आनंदीबाईंना लाभले नाही. त्यांची पत्रे मागे वळून पाहून लिहिलेली नाहीत. पुढे काय होणार हे माहीत नसताना, उत्तराची वाट पाहत लिहिलेली आहेत. आत्मचरित्राच्या निकषांनी ती वाचली तर अपुरी वाटतात. संवादाचे प्रयत्न म्हणून वाचली असता एकोणिसाव्या शतकातील मराठी संसाराच्या आतल्या बाजूचा इतका थेट पुरावा क्वचितच सापडेल.

पदव्युत्तर वर्गात आनंदीबाईंचे चरित्र बहुधा जिद्दीची कथा म्हणून शिकविले जाते. ती आहेच. त्या कथेबरोबर उपरोल्लेखित पत्रही विद्यार्थ्यांपुढे ठेवावे, आणि तक्रार व ऋण ही दोन्ही एकाच माणसाला, एकाच पत्रात, त्याच्या हयातीत सांगण्यासाठी काय लागले असेल, याची चर्चा व्हावी.